एका ओळीवरचं भांडण

'तुमचं चुकलं' असं कुणी म्हटलेलं सरांना खपत नसे. जन्मभर गणित शिकवलं, त्यामुळे तशी वेळही फारशी आली नाही. निवृत्तीनंतर वाद घालायला फक्त बायको उरली आणि तिच्यापुढे त्यांची डाळ शिजेना. तेव्हा ते इंटरनेटवरच्या ज्ञानकोशात लिहू लागले. विषय त्यांचा आवडता : बिंदू, त्यांना जोडणाऱ्या रेषा, प्रत्येक रेषेवरून जायचा ठरलेला खर्च आणि दोन बिंदूंमधली सर्वांत कमी खर्चाची वाट शोधायच्या रीती. त्या पानांकडे काळं कुत्रंही फिरकत नसे.

मग 'कोपरा' असं टोपणनाव घेतलेला एक संपादक आला. सरांनी 'मार्ग' या शब्दाची जी व्याख्या दिली होती, तिच्यात एकच बिंदू पुन्हा येत नाही. कोपऱ्याने खाली एक ओळ घातली : 'काही पुस्तकांत तो पुन्हा आलेला चालतो.' सरांनी ती उडवली. त्याने पुस्तकांच्या नावांसह परत घातली. प्रत्येक पानामागे संपादकांना वाद घालायला चर्चापान असतं, तिथे जी जुंपली, ती महिनाभर.

"अहो, एवढं कुणाशी भांडताय?" बायकोने विचारलं.

"आहे एक मूर्ख."

"मूर्खाशी भांडताना कुणी शीळ घालतं का?"

सरांनी गुपचूप पुस्तकं उघडली. कोपऱ्याचं बरोबर होतं. पण मोडेन पण वाकणार नाही, हा त्यांचा बाणा. 'हा पान बिघडवतो,' अशी तक्रार त्यांनी ज्ञानकोशावर देखरेख करणाऱ्या प्रचालकाकडे केली. सर तिथले जुनेजाणते, कोपऱ्यावर आठवड्याची बंदी आली. ती उठल्यावर त्याने एवढंच लिहिलं, 'सर, या विषयावर बोलायला इथे आपण दोघंच होतो.' त्यानंतर तो दिसला नाही.

सर जिंकले आणि अगदी एकटे पडले. त्याची ओळ त्यांनी स्वतःच परत घातली, पण माफी मागायला हात धजेना. शेवटी त्यांनी मुद्दाम एक चूक केली. वाट शोधायच्या एका रीतीखाली लिहिलं, 'रेषांचा खर्च ऋण, म्हणजे शून्याहून कमी असला तरी ही रीत बिनचूक चालते.' धडधडीत खोटं. हे वाचून कोपऱ्याला राहवणार नाही, तो तणतणत येईल, असं त्यांना वाटलं. ते रोज चर्चापान उघडून बघू लागले.

एका सकाळी तिथे खरंच कुणीतरी लिहिलं होतं. अनोळखी विद्यार्थिनी होती. 'ऋण खर्चाचा भाग आमच्या पुस्तकात नीट नव्हता. तुमचं वाचलं आणि आज परीक्षेत तसंच लिहून आले. खूप आभार, सर.'

सरांनी आधी ती चूक दुरुस्त केली. मग तिला उत्तर लिहायला घेतलं : 'माझं चुकलं.' कोपऱ्याला हेच लिहायचं राहून गेलं होतं. आणि आता या मुलीच्या पेपरात त्याचा काही उपयोग नव्हता.