शर्टाचा तिसरा टेक

हे मी बायकोलाही सांगितलेलं नाही. तिसरा टेक बाद नव्हता. गाबोरला मी खोटं सांगितलं, "सॉफ्ट आहे." सॉफ्ट म्हणजे फोकस चुकून चित्र धूसर आलेलं.

गाबोर हंगेरियन. तिकडे दोन सिनेमे लिहून डायरेक्ट केलेला माणूस. पुढे कुणी पैसे लावेना, म्हणून दुबईत टॉवर्सच्या जाहिराती करायला आला. अल क्वोजच्या स्टुडिओत मी त्याचा एडिटर. खरं तर मलाही डायरेक्टरच व्हायचं होतं. रत्नागिरी सोडताना तसं गावभर सांगून आलो होतो.

मग त्याने स्वतःची शॉर्ट फिल्म लिहिली. लेबर कॅम्पातला कोकणी माणूस घरी व्हिडिओ कॉल करतो. वर इस्त्रीचा शर्ट, खाली लुंगी. हे मी कितीदा पाहिलेलं, केलेलंसुद्धा. आणि लिहिलं कुणी, तर मराठीचा एक शब्द न येणाऱ्याने! वाचताना माझ्या पोटात दुखत होतं.

फिल्म बुडापेस्टच्या निर्मात्यांना आवडली, तर त्याला पुढचा सिनेमा मिळणार होता.

स्क्रिप्टमध्ये शेवटी कॉल संपतो आणि माणूस नुसता बसून राहतो. तिसऱ्या टेकला आमच्या ॲक्टरने आपल्या मनाने शर्ट काढला आणि बाजूच्या बंकवरच्याला दिला. त्याने तो चढवला, केस सारखे केले, फोन हातात घेतला. अख्ख्या खोलीत कॉलचा शर्ट एकच. हा ॲक्टर स्वतः कॅम्पात राहिलेला होता.

एडिटला बसलो तेव्हा प्रोड्युसर नाझनीन म्हणाली, "सलीमभाई, तिसराच लावा हं. सेटवर रडले मी."

"सॉफ्ट आहे."

"थोडंफार चालतं हो."

"मोबाइलवर चालेल. थिएटरात चित्र फाटेल."

"एकदा दाखवा तरी!"

गाबोर कच्चं फुटेज कधी बघायचा नाही. निवड एडिटरची, हा त्याचा नियम. तो हसला. "माझे डोळे म्हणजे सलीम. तो नाही म्हणाला ना? खलास."

मी स्क्रिप्टमधला शेवट लावला.

बुडापेस्टहून उत्तर आलं: फिल्म चांगली, शेवट पडलाय.

"शेवट मीच लिहिला होता," गाबोर म्हणाला. "चूक माझीच."

मी मान हलवली. हो, हलवली.

तो परत गेला. आता दुसऱ्यांच्या मालिकांचे संवाद लिहितो. दर ईदला मेसेज येतो, "माझे डोळे कसे आहेत?" मी अंगठा पाठवतो.

टेक टाकून द्यायचा तर त्याचं कारण पडद्यावर दिसायला हवं, एवढं मी या धंद्यात शिकलो.

तिसरा टेक माझ्या हार्ड ड्राइव्हवर आहे. तो मी गाबोरला देणं लागतो. आणि तो का टाकून दिला, हेही.