धाव चढली

चिखलीच्या आमच्या शाळेत विज्ञान शिकवणारे एक गुरुजी होते. बोलता बोलता ते बोटाने हवेत गुणाकार करायचे. चहा आला, की तो उकळायला किती उष्णता लागली असेल ते सांगायचे. आम्ही बाकीचे शिक्षक हसायचो, आणि तेही हसायचे.

एका सकाळी आम्ही दोघे लोहाराकडे थांबलो. एका बैलगाडीच्या चाकावर लोखंडी धाव, म्हणजे चाकाभोवतीचं कडं, तापवून चढवायची होती, पण अवकाळी पावसाने गोवऱ्या भिजल्या होत्या. कोरड्या थोड्याच होत्या. धाव कमी तापली तर पुरेशी फुगत नाही, मध्येच अडकते आणि चाक फुटते, म्हणून लोहार विस्तव पेटवेना.

"धावेचं वजन किती? शेरात नको, किलोत सांग," गुरुजी म्हणाले.

वजनाला त्यांनी लोखंडाच्या विशिष्ट उष्म्याने गुणलं, मग तापमान जेवढं वाढवायचं तेवढ्याने. उत्तर काडीने मातीत लिहिलं, आणि कोरड्या गोवऱ्या मोजून त्यांच्यातून किती उष्णता मिळेल तेही शेजारी मांडलं.

"गोवऱ्या पुरतात. पण निम्मी उष्णता वारा नेईल. आडोसा पाह्यजे."

"अन् चाक फुटलं तं, मास्तर?"

"तं माह्या गाडीचं काढून घेजो."

असं म्हणून ते घरी गेले आणि न्हाणीचा पत्रा उचकटून डोक्यावर घेऊन आले.

पत्र्याआड धाव लालसर झाली. लोहाराने आणि गुरुजींनी सांडशांनी ती उचलून चाकावर टाकली. लाकडातून धूर निघाला, पाणी पडलं, आणि धाव आवळून बसली.

गुरुजींचे डोळे भरले होते.

"इतकी वर्सं हे गणित फळ्यावर लिहून राह्यलो," ते म्हणाले. "लोखंड खरंच ऐकते, हे आज पाह्यलं."