प्लेऑफ आणि पाण्यातला गणपती

आमच्या घरात देव पाण्यात ठेवले गेले ते बास्केटबॉलसाठी. घरात कुणी आजारी नव्हतं, कुणाची परीक्षा नव्हती. हे मी सांगते तेव्हा लोक हसतात. पहिली दोन वर्षं मीही हसत होते.

डेट्रॉइटच्या उत्तरेला एका उपनगरात आम्ही राहत होतो. नवरा गाड्यांचे ब्रेक बनवणाऱ्या कंपनीत इंजिनिअर. मी नागपूरला कॉलेजात केमिस्ट्री शिकवायचे. २००१ साली लग्न होऊन इथे आले आणि नवऱ्याच्या व्हिसाला जोडलेली बायको झाले. त्या व्हिसावर अमेरिकेत राहता येत होतं, स्वयंपाक करता येत होता, पगाराचं काम करता येत नव्हतं. ग्रीन कार्ड आलं की तुला शिकवता येईल, असं नवरा म्हणायचा. कधी येईल, विचारलं की म्हणायचा, "प्रोसेसमध्ये आहे." हा शब्द कुणी उच्चारला की मला अजून भांडं आपटावंसं वाटतं.

नवऱ्याला दुसरं वेड होतं ते शहराच्या बास्केटबॉल संघाचं. बर्फ वितळलं की प्लेऑफ सुरू व्हायचे. चार फेऱ्या, प्रत्येक फेरीत एकाच संघाशी पुन्हा पुन्हा सामना, सातांत चार जिंकेल तो पुढे. गावातले कारखाने एकामागून एक बंद पडत होते, पण हा संघ त्या काळात दर वर्षी निदान शेवटच्या चारांत असायचा. गॅस स्टेशनवरच्या माणसापासून दातांच्या डॉक्टरपर्यंत सगळे त्याच एका गोष्टीवर खूश असायचे. कार्डाच्या अर्जालाही पायऱ्या होत्या, तेव्हा नवऱ्याने दोन्हींची सांगड घातली. पहिला कागद मंजूर झाला तेव्हा म्हणाला, "फर्स्ट राउंड जिंकलो यार!" मी म्हटलं, ते लोक दोन महिन्यांत चारही फेऱ्या उरकतात, तुमची पहिलीच तीन वर्षं चालली होती.

सासूबाई पहिल्यांदा आल्या त्या २००४ च्या एप्रिलमध्ये. त्या सांगलीच्या. माझे सासरे लवकर गेले, मग सासूबाईंनी प्राथमिक शाळेत शिकवून एकुलता एक मुलगा वाढवला. पर्समध्ये रुमालात गुंडाळलेला पितळी गणपती घेऊन आल्या. तो त्यांच्या सासूचा. येताना आणायचा, जाताना परत न्यायचा, असं त्यांनी पहिल्याच दिवशी सांगून टाकलं.

मला वाटलं होतं, आता सहा महिने टीव्हीवर मालिकांच्या कॅसेटी बघाव्या लागणार. झालं भलतंच. नवऱ्याने सामना लावला आणि या शेजारी येऊन बसल्या. शाळेत त्यांनी वर्षानुवर्षं मुलींचा खो-खोचा संघ सांभाळलेला. नियम त्यांना दोन संध्याकाळींत कळले.

"यांच्यात राजा कुणी नाही रे," त्या म्हणाल्या. "पाचही जण राबतात. समोरच्याला जागाच देत नाहीत. माझ्या पोरी अशाच खेळायच्या."

झालं, मायलेकांची गट्टी जमली. शेवटच्या चारांतली सामन्यांची मालिका अडकली तशी त्यांनी एका संध्याकाळी माझा कॉर्नफ्लेक्स खायचा काचेचा वाडगा घेतला, त्यात पाणी भरलं आणि गणपतीला त्यात ठेवून वाडगा टीव्हीशेजारच्या स्टुलावर मांडला. मनासारखं होईपर्यंत देवाने पाण्यातच राहायचं, त्यालाही लवकर सुटावंसं वाटलं पाहिजे, हा त्यामागचा हिशेब. सांगलीला मुलाच्या बारावीच्या निकालाला ठेवला होता म्हणे. मी चहा टाकायला उठून ओट्याशी उभी राहिले आणि त्याच वेळी आपला संघ गुणांत पुढे गेला. मग काय, मालिका संपेपर्यंत सूनबाईंनी ओट्याशीच उभं राहायचं असं ठरलं. "आई, मी माणूस आहे की खांब?" मी विचारलं. "आज खांबच हो," त्या टीव्हीवरची नजर न हलवता म्हणाल्या.

ते जिंकले. ती मालिकाही, आणि नंतरची अंतिम फेरीही. समोर पश्चिमेकडचा मोठमोठ्या नावांचा संघ होता, त्याला आमच्या राबणाऱ्या पोरांनी लोळवलं. रस्त्यावर गाड्या हॉर्न वाजवत फिरत होत्या. सासूबाईंनी देव बाहेर काढून साखरेचा नैवेद्य दाखवला. बातमी मराठी मंडळात पसरली आणि लोकांचे फोन येऊ लागले, "काकू, पुढच्या वर्षीपण ठेवा हं!" त्या खरंच जबाबदारी घेतल्यासारख्या हो म्हणायच्या.

पुढच्या वर्षी त्या सांगलीत होत्या. तिथल्या पहाटे नवरा फोन करायचा आणि त्या देव पाण्यात ठेवायच्या. संघ पुन्हा अंतिम फेरीत पोचला, सातव्या सामन्यापर्यंत गेला आणि हातातोंडाशी आलेला घास गेला. नवऱ्याने फोनवर सांगितलं तेव्हा त्यांनी आधी गुणांचा फरक विचारला. मग म्हणाल्या, "मी काल पाणी बदलायला विसरले." तेव्हाही मी हसलेच.

२००६ मध्ये त्या पुन्हा आल्या आणि त्यांच्या डोळ्यांदेखत नवऱ्याच्या कंपनीने त्याचा अख्खा विभाग बंद केला. दुसरी नोकरी लगेच मिळाली म्हणून देश सोडावा लागला नाही, पण कार्डाचा अर्ज त्या कंपनीच्या नावावर होता. नव्या कंपनीने नवा अर्ज करायचा. रांगेतली जुनी जागा तेवढी टिकली, बाकी पुन्हा पहिले पाढे पंचावन्न. नवरा विनोद करायचा थांबला. मी बाथरूममध्ये नळ सोडून रडले, कारण मला आता नागपूरच्या वर्गातला फळा कुठल्या भिंतीवर होता तेही नीट आठवेना.

आणि दिवाणखान्यात गणपती वाडग्यात बसलेला, संघासाठी. माझं डोकंच फिरलं. दुपारी सासूबाई मेथी निवडत होत्या. मी एक जुडी उचलून समोर जाऊन बसले.

"आई, एक विचारते. त्या खेळाडूंसाठी देव पाण्यात ठेवता. आमच्या कार्डासाठी एकदाही का नाही ठेवला?"

त्यांनी मान वर केली नाही. "खरं सांगू?"

"खरंच सांगा."

"ती पोरं हरली काय नि जिंकली काय, खेळ संपला की आपापल्या आईकडे जातात. तुमचं कार्ड आलं की माझा मुलगा काही परत येत नाही. देवापुढे बसून खोटं कसं मागू गं?"

मला इतका राग आला की हातातली जुडी मी टेबलावर टाकली. खोटं मागायचं नव्हतं तर खोटं बोलायचं तरी होतं, सासवा बोलतात तसं! त्यांचं खरं बोलणं मला जास्त लागलं.

"आणि मी?" मी विचारलं. "मी काय जन्मभर पोळ्या करू?"

त्या मेथीच्या काड्या एका बाजूला, पानं एका बाजूला, असं करत राहिल्या. त्याच आठवड्यात संघ शेवटच्या चारांत हरला. त्यांनी गणपती वाडग्यातून काढून पुसला आणि त्यांच्या मुक्कामाची मुदत संपेपर्यंत आम्ही दोघी मिठाचं आणि कढीपत्त्याचं तेवढं बोललो.

२००७ ला त्या आल्या नाहीत. गुडघे दुखतात म्हणाल्या. संघ पुन्हा शेवटच्या चारांत हरला. नव्या अर्जाच्या कागदात काहीतरी त्रुटी निघाली आणि तो सरकारी कचेरीत कुणाच्या तरी टेबलावर जाऊन पडला. मला तर दोन्ही बातम्या एकाच तोंडून ऐकल्यासारख्या वाटल्या. पोचायचं, आणि दारातून परत यायचं.

२००८ च्या वसंतात त्या आल्या तेव्हा विमानतळावर व्हीलचेअरवर होत्या. वाळल्या होत्या. गाड्यांचा धंदा बसत चालला होता आणि नवऱ्याच्या नव्या कंपनीत शुक्रवार आला की कुणाला तरी खोक्यात सामान भरून घरी पाठवत. दर शुक्रवारी दुपारपासून मी त्याच्या गाडीचा आवाज ऐकत बसायचे. लवकर आला की आधी त्याच्या हातात खोकं आहे का ते बघायचे. अर्ज शेवटच्या पायरीला लागला होता आणि आता नोकरी गेली तर तिसऱ्यांदा सुरुवात करायची ताकद आमच्यात नव्हती. हे सासूबाईंना कुणी सांगितलं नाही, पण शुक्रवारी त्याही खिडकीशी बसायच्या.

त्या दिवसांत शेजारच्या मराठी कुटुंबातली मुलगी माझ्याकडे केमिस्ट्रीच्या शंका घेऊन यायची. हायस्कूलमधली, इथेच जन्मलेली. पैसे घेण्याचा प्रश्न नव्हता, घेताही आले नसते. मी जेवणाच्या टेबलावर जुन्या कॅलेंडरच्या पाठीवर समीकरणं मांडायचे आणि ती इंग्रजीत वाद घालायची. एकदा तिला काहीतरी एकदम समजलं आणि ती ओरडली, "ओ माय गॉड काकू, इट जस्ट बॅलन्सेस!" मी इतकी खूश झाले की पेन हवेत नाचवलं. वळून बघते तो सासूबाई आरामखुर्चीत हातातली पोथी मिटून माझ्याकडे बघत होत्या. इंग्रजी त्यांना कळत नव्हतं. पण आयुष्यभर वर्गात उभी राहिलेली बाई, तिला हा आनंद कुणी समजावून सांगायला लागतो?

प्लेऑफ आले. गणपती वाडग्यात गेला. नवरा त्याही काळजीत थोडा हसला, म्हणाला, "आई ऑन ड्यूटी." मला मात्र वाडगा बघून जुना राग आठवला. मी ओट्याशी उभी राहायला साफ नकार दिला आणि संघ शेवटच्या चारांतच हरला. बाहेर अजून उजेड होता. नवऱ्याने टीव्ही बंद केला आणि लॉनला पाणी घालायला गेला.

दुसऱ्या दिवशी वाडगा तसाच. मी तो उचलायला गेले तर सासूबाई म्हणाल्या, "राहू दे."

"सामने संपले की, आई."

"यंदा सामन्यांसाठी ठेवलाच नव्हता."

मी वाडगा तसाच हातात धरून उभी राहिले.

"तू मागे विचारलंस, जन्मभर पोळ्या करू का," त्या म्हणाल्या. "तेव्हा मला उत्तर सुचलं नाही. दोन वर्षं सांगलीला त्याचाच विचार करत होते. मला कुणी शाळेत जाऊ नको म्हटलं असतं तर मी मेलेच असते गं."

"पण तुम्हाला खोटं मागता येत नाही म्हणालात."

"खोटं नाही मागितलं. मुलाचं नावच घेतलं नाही. तुझं कार्ड मागितलं." मग जरा रागावूनच म्हणाल्या, "ठेव तो खाली. हिंदकळेल."

मी ठेवला. देवावर माझा तेव्हाही विश्वास नव्हता, आजही नाही. पण त्या उन्हाळ्यात रोज सकाळी त्या गुडघ्यावर हात ठेवून उठायच्या, जुनं पाणी काढायच्या, नवं घालायच्या, आणि मला ते बघवत नव्हतं. जिच्यामुळे त्यांचा मुलगा कायमचा दुरावणार तीच गोष्ट ती बाई रोज ताजं पाणी घालून मागत होती. नको, बास करा, असं सांगायला मी दोनदा त्यांच्यापाशी गेले आणि दोन्ही वेळा परत आले, कारण मला ते कार्ड हवं होतं. नवऱ्याला यातलं काही कळलं नाही. त्याला वाटलं, आई देव काढायचा विसरली.

पाकीट आलं तेव्हा झाडांची पानं रंगायला लागली होती आणि सासूबाईंच्या परतीला थोडे दिवस उरले होते. शनिवार होता, सगळे घरात. नवऱ्याने पाकीट फाडलं, दोन कार्डं बाहेर आली आणि तो वेडाच झाला. मला उचलून गोल फिरवलं, आईच्या पाया पडला, मित्रांना फोन लावले. "यार, वी वन! फायनली वी वन!" मी हसत होते आणि रडत होते.

सासूबाईंनी गणपती पाण्यातून काढला. पदराने पुसला, सोंडेच्या खाचेतलं पाणीही टिपलं. पण रुमालात गुंडाळून पर्समध्ये न ठेवता त्यांनी तो माझ्या हातात दिला.

"हा आता इथेच राहू दे," त्या म्हणाल्या. मग मुलाकडे वळून, सामना स्वतः शेवटपर्यंत बघूनही माणूस निकाल पुन्हा विचारतो तसं विचारलं, "म्हणजे आता तुम्ही येणार नाही ना?"

नवऱ्याने फोनवर हात ठेवला. "असं काय आई? येऊ की. सुट्टीला येऊ."

"हो," त्या म्हणाल्या. "सुट्टीला." आणि वाडगा दोन्ही हातांनी धरून त्यातलं पाणी खिडकीतल्या तुळशीला घालायला गेल्या.