पकोडापाव आणि सरबताचा पेला

दारूबंदी आली तशी उल्हासनगरच्या कॅम्प दोनमधल्या एका सिंधी म्हातारीने आपल्या बराकीतल्या खोलीत गुत्ता उघडला. ती गुलाबाच्या सरबतात हातभट्टीची मिसळून द्यायची आणि सोबत पावात घातलेला गरम पकोडा. माझा नवरा कारखान्यातून सुटला की तिथे जायचा. मी एकदा तिच्या दारात जाऊन भांडले. ती नुसती हसली.

आठवड्याने त्याला ओढून आणायला गेले, तर माझ्या मागोमाग हवालदारच आत शिरला. नवऱ्यापुढे भरलेला पेला होता. पकडला असता तर नोकरी गेली असती. मी पेला उचलला आणि एका दमात रिकामा केला.

निव्वळ सरबत होतं!

हवालदाराने पेल्याचा वास घेतला. सिंध्यांकडे आलेल्याला पापड-पाणी देतात, तसं म्हातारीने त्यालाही दिलं. पापड खात तो निघून गेला.

"तू झगडा करके गई ना बेटी, तब से इसको खाली सरबत देती हूँ," म्हातारी म्हणाली.

माझा जीव भांड्यात पडला. मग नवऱ्याकडे पाहिलं. आठवडाभर हा माणूस झोकांड्या खात घरी येत होता.

"उठा," मी म्हटलं, "आणि आज सरळ चाला."