रिकामी परत केलेली बशी

"कंजूष माणूसही एका सकाळीत बदलतो, फक्त त्याने घराबाहेर पडायला हवं." नाताळची गोष्ट संपवताना शाळेतल्या बाई म्हणाल्या होत्या.

मंडळी, परळच्या आमच्या चाळीत शेजारच्या रोझीआंटी दर नाताळात केक पाठवायच्या. तीन वर्षांपूर्वी मी कुंड्यांवरून भांडले आणि त्यांची बशी सगळ्यांदेखत रिकामी परत केली. बशीत निदान चिमूटभर साखर घालायची असते, हे माहीत होतं. म्हणूनच घातली नाही.

आज खोबऱ्याच्या वड्या घेऊन गेले.

"साखर मिळाली वाटतं," आंटी दारातूनच म्हणाल्या.

"चुकलं माझं, आंटी."

"तेव्हा अख्खी चाळ बघत होती. आता कुजबुजतेस होय?"

दार लागलं. तेव्हापासून एका जागी बसवत नाहीये.

आंटी, तुम्ही या ग्रुपवरचं वाचता, म्हणून सगळ्यांसमोर लिहिते, चुकलं माझं. नाहीच म्हणाल, तरी विचारते. संध्याकाळी माझ्याकडे चहाला याल?