अडखळणारा ठेका

कार्टूनच तर आहे, म्हणून मी थिएटरात डुलकी काढायच्या तयारीनेच गेले होते. सोबत नऊ वर्षांची भाची, मुक्ता. ती बोलताना अडखळते. स्वतःच्या नावातल्या ‘म’वर तर हमखास.

पडद्यावरची उडणारी नायिकाही तोतरी निघाली आणि मी चटकन मुक्ताकडे पाहिलं. आता सगळे हसणार! पण नाही. ती बोलायला लागली की मागची ढोलकीही अडखळायची, थांबायची, पुन्हा ठेका उचलायची. वाटलं, शेवटी ही घडाघडा बोलेल आणि ठेका सरळ होईल. कसलं काय! शहर वाचवून ती तशीच अडखळत बोलली, आणि तोच ठेका अख्ख्या वाद्यवृंदाने उचलून धरला. आपण अशांची वाक्यं पुरी करून देतो आणि त्याला माया म्हणतो. तो संगीतकार मात्र दर वेळी तिच्या समेपर्यंत थांबला होता.

परतताना रिक्षावाल्या काकांनी विचारलं, “नाव काय गं बाळा तुझं?”

एरवी मीच सांगून टाकते. मुक्ताने माझ्या गुडघ्यावर बोटांनी ठेका धरला. “मु... मु...”

मी ओठ घट्ट मिटून समेची वाट पाहिली.

“मुक्ता!”