चित्रालचा बर्फ, वीतभर

सौदीतल्या थुवालच्या विद्यापीठात मी कोल्डरूम सांभाळतो. काटा उणे विसावर आहे ना, हे बघायला दिवसातून दोनदा जायचं असतं. मी आठदा जातो. काही बिघडलं तर मोबाइलवर अलार्म वाजतो, तरी जातो. बायको श्रीवर्धनहून फोनवर म्हणते, "तुमच्या पायाला भिंगरी लावलीय काय?" असेल. पण चूक झाली ती पायांनी नाही, हातांनी.

त्या खोलीत सगळा बर्फच. पाकिस्तानातल्या चित्रालकडे डोंगरमाथ्यावर बर्फाचं मोठं मैदान आहे, त्यातून हिमनद्या खाली उतरतात. तिथं गिरमिटासारखं यंत्र घालून काढलेल्या या लांबट कांड्या. त्यांच्यावर काम करणाऱ्या मॅडम त्याच डोंगराखालच्या गावच्या. एकदा त्यांनी दोन फोटो दाखवले. पहिल्यात त्यांच्या घराच्या छतावरून दिसणारी हिमनदी. दुसऱ्यात तिथंच नुसते दगडगोटे. "जहाँ से ये निकाली थीं, वहाँ भी अब पानी बहता है," म्हणाल्या. मी पंख्याचा आवाज ऐकल्याचं नाटक केलं.

एका गुरुवारी पाहिलं तर एका कांडीची पिशवी वरच्या टोकाशी फाटलेली. टोक सुकून निस्तेज झालेलं. इथं येण्याआधी मी रत्नागिरीत कोळंबीच्या कारखान्यात होतो. तिथं गोठवलेली कोळंबी गार पाण्यात बुचकळतात. वर बर्फाचं पातळ कवच चढतं आणि माल सुकत नाही. माझे हात शिवशिवले. नळाचं पाणी लावायला मन धजेना. बॅगेत मक्केहून आणलेली जमजमच्या पवित्र पाण्याची बाटली होती. याहून स्वच्छ पाणी कुठलं? बिस्मिल्ला म्हणून शिंपडलं, पिशवीला टेप मारली आणि स्वतःवरच खूश झालो.

संध्याकाळी मॅडम भेटल्या. रविवारी नेमकी तीच कांडी कापायची होती. "एक-एक परत में एक-एक साल है, भाई. बाहर के पानी की एक बूँद, और सब झूठ."

काटा बघायचं निमित्त काढून मी परत खोलीत गेलो.

इथल्या सुट्टीचे शुक्रवार-शनिवार कसे काढले ते माझं मलाच ठाऊक. गप्प बसलो असतो तर कोणाला कळणार होतं? पण मग माझ्या बाटलीतलं पाणी चित्रालचा बर्फ म्हणून मोजलं गेलं असतं. जुम्म्याच्या नमाजात लक्ष लागेना. शेवटी बायकोला सांगितलं. ती हसली नाही. म्हणाली, "सांगून टाका. नायतर तुमी काय स्वस्थ बसायचे नाय, आनि मलापन बसू द्यायचे नाय."

रविवारी सकाळी सांगितलं. मॅडमनी हातमोजे चढवून करवतीवर ते टोक वीतभर कापून काढलं. उरलेली कांडी नव्या पिशवीत गेली. "ये वाली बर्फ जिस साल गिरी, मैं आठवीं में थी," एवढंच म्हणाल्या. मला रडू आलं. मी माफी मागितली. "खलास, भाई, हो गया," म्हणाल्या, पण माझ्याकडे न बघता.

तुकडा टाकायला त्या सिंककडे वळल्या आणि थांबल्या. त्याच्यावर जमजम होतं. ते गटारात कसं सोडायचं? पॅन्ट्रीत जाऊन आम्ही तो स्टीलच्या पातेल्यात ठेवला आणि वितळायची वाट बघत बसलो. म्हणजे त्या बसल्या. मी चारदा उठलो. मग त्यांनी दोन कपांत सारखं पाणी ओतलं, आणि जमजम पितात तसं किब्ल्याकडे, मक्केच्या दिशेला, तोंड करून आम्ही ते उभ्यानंच प्यायलो.

मॅडम डोळे मिटून घोट घोट घेत होत्या. मी सवयीप्रमाणे एका दमात कप संपवला. चव कसली होती तेही कळलं नाही. कप खाली ठेवायला वाकलो, आणि तेव्हा ध्यानात आलं की त्या सालचा हा बर्फ आता पुन्हा कुठंच मिळणार नाही. त्यांच्या कपात अजून अर्धं बाकी होतं. ते संपेपर्यंत मी जागचा हललो नाही.